देवीचा दुसरा टेक

अरू,

तुझ्या शोकसभेच्या फ्लेक्सवर तुझ्या डोक्यामागे एक पिवळं वलय होतं. फ्लेक्सवाल्याने ते स्वतःच्या बुद्धीने टाकलं होतं. मंगलवहिनींना विचारलं तर म्हणाल्या, "मी नुसता फोटो दिला होता हो." फोटोत तू डावीकडच्या खिडकीकडे बघतोयस, गालावर खिडकीचा उजेड आहे आणि मागे मात्र कुठूनही न येता ते वलय पेटलेलं. घाटकोपरच्या त्या लग्नाच्या हॉलमध्ये खुर्च्या लावणारी माणसं जाता-येता तुला नमस्कार करत होती. मी चहाचा कप घेऊन समोर उभी होते आणि तू काय विचारलं असतंस ते मला स्पष्ट ऐकू येत होतं: "ह्या लाइटचो सोर्स खंय आसा?"

तुझा धर्म काय, असं कुणी मला विचारलं असतं तर मी हेच वाक्य सांगितलं असतं. तू आयुष्यभर देवाधर्माचे सिनेमे टिपलेस आणि मी, देव न मानणारी बाई, अंधेरीच्या औद्योगिक वसाहतीतल्या एका गाळ्यात बसून ते कापत राहिले. कुणा भक्ताने पदरमोड करून काढलेले, थिएटरचं तोंड न पाहिलेले, मंडळांच्या मांडवात आणि देवळांच्या सभामंडपात पांढऱ्या पडद्यावर दाखवलेले सिनेमे. ज्यांच्या कौतुकाला कुणी समीक्षक आला नाही आणि टीकेलाही नाही. अशा सिनेमांत उजेड कुठूनही आला तरी चालतो, असं प्रत्येक निर्मात्याला वाटायचं. देव आहे म्हटल्यावर हिशेब कसला? तू मात्र समई कुठे आहे, खिडकी कुठे आहे, दार कोणत्या दिशेला उघडतं, हे विचारल्याशिवाय एकही दिवा पेटवायचा नाहीस. एका संतपटाच्या वेळी निर्माते म्हणाले, "अहो, वरून स्वर्गीय प्रकाश येतोय." तू वर बघितलंस आणि म्हणालास, "मग तिथे एक कौल काढा." त्यांनी काढलं. तो त्या सिनेमातला एकमेव बरा शॉट आहे.

तुझा देव कोणता, असं विचारलं की "ज्याचं शूट असेल तो," असं उत्तर द्यायचास. लोक हसायचे, पण ते खरं होतं. बोरिवलीच्या चर्चमधल्या मंडळींसाठी तू गुड फ्रायडेचा छोटा सिनेमा केलास तेव्हा महिनाभर त्यांच्याबरोबर उपास धरलास. दर्ग्याच्या उरुसावरची फिल्म केलीस तेव्हा कॅमेऱ्यावर रुमाल बांधलास. देवीचं शूट असलं की मासे बंद, मालवणी माणसाने मासे बंद! आणि पॅक-अप झालं की थेट सुरमई. मी एडिटला बोंबलाचा डबा उघडला की दारातच थांबायचास. "काय गो, बोंबील खाऊन देवी कापतंस?" मी म्हणायची, "देवीला चालतात रे, तिच्या गावात समुद्र आहे." तू आत यायचास, पण माझं जेवण होईपर्यंत मॉनिटरवर फडकं टाकून ठेवायचास. मॉनिटरवर!

आणि ते झाकण. मुहूर्ताला कॅमेऱ्याची पूजा होते, नारळ फुटतो, आणि ज्याच्या हातात कुंकवाची वाटी असेल त्याला कॅमेऱ्याच्या कपाळावर, म्हणजे बरोबर काचेवर, टिळा लावायचा असतो. म्हणून तू एक जुनं लेन्सचं झाकण वेगळं ठेवलं होतंस. ते बसवून कॅमेरा पुढे करायचास आणि सांगायचास, "लावा, इथे लावा." त्या झाकणावर हळदीकुंकवाचे इतके थर चढले होते की ते मूळचं काळं होतं हे सांगावं लागायचं. तू ते कधी पुसलं नाहीस. "ह्यात सगळ्यांचे देव आहेत," म्हणायचास. मी म्हणायची, "बुरशी पण असेल." "असेल," म्हणायचास. माझ्याशी भांडताना तुझी सर्वांत त्रासदायक सवय हीच, की तू मध्येच कबूल करून टाकायचास.

एकदाच ते झाकण तुझ्या खिशात राहिलं, आणि त्यावरून लोक तुला ओळखतात.

नानांच्या देवीच्या सिनेमाचं शूट होतं. घाटकोपरचा त्यांचा मसाल्यांचा धंदा, कोकणातलं त्यांचं गाव आणि गावच्या देवीवर सिनेमा काढायचा त्यांचा नवस, हे सगळं ओघाने आलंच. मूळ देवळातल्या मानकऱ्यांनी गाभाऱ्यात कॅमेरा न्यायला नकार दिला, तेव्हा माझ्याच वसाहतीतल्या रिकाम्या गाळ्यात तू प्लायवूडचा गाभारा उभा करवलास. वर जांभ्या दगडाचा रंग. देवी मुलुंडच्या एका मूर्तिकाराने गणपतीच्या हंगामाबाहेर करून दिलेली, प्लास्टरची. शेजारच्या गाळ्यात प्लॅस्टिकची बटणं पाडायचं मशीन. आणि प्लायवूडच्या दाराबाहेर स्टँडवर एक मोठा दिवा, म्हणजे पहाट. गाभाऱ्यात जाताना तू चप्पल काढायचास. लाइटवाल्यांनाही काढायला लावायचास. एकाने विचारलं, "दादा, प्लाय आहे ना?" तू म्हणालास, "तुझं घर पण सिमेंटच आहे, तिथे काढतोस ना?"

शॉट साधा होता. पहाटे गाभाऱ्याचं दार उघडतं, उजेड आत येतो, देवी दिसते. नानांच्या पत्नी, ज्यांना सगळं युनिट काकी म्हणायचं, त्यांनी आधी देवीची ओटी भरली. मग सेटवरच्या प्रत्येकाला कुंकू लावत सुटल्या. तू दारामागे दिवा हलवायला गेला होतास. काकी कॅमेऱ्यापाशी आल्या आणि त्यांनी त्यालाही लावलं. काचेवर, मधोमध नाही पण जवळपास. तू परत आलास, टेक झाला. मग तुझ्या सवयीने काच तपासलीस, तेव्हा बोटाचा ठसा दिसला.

"लावलं हो मी त्याला पण," काकी म्हणाल्या. "एवढा राबतोय बिचारा."

"बरं केलंत, काकी," तू म्हणालास, आणि काच पुसून दुसरा टेक घेतलास.

संध्याकाळी दोन्ही टेक माझ्याकडे आले. पहिल्यात दार उघडतं, दिव्याचा झोत काचेवरच्या कुंकवाला लागतो आणि देवीभोवती तांबूस सोनेरी धुरकट काहीतरी फुलतं. बाद शॉट. दुसरा मी लगेच कापून सिनेमात लावला. तो तुझा होता. उजेड आधी उंबऱ्यावर, मग जमिनीवर सांडलेल्या तांदळावर, मग पावलांवर, साडीच्या काठावरून वर चढत चढत येतो आणि देवीच्या हनुवटीशी थांबतो. तू काळा पुठ्ठा धरून तो तिथेच तोडला होतास. बाजूने मंगलवहिनींची पांढरी चादर ताणून सावलीत जेमतेम इतकाच जीव आणला होतास, की वर कुणीतरी आहे हे कळावं.

मी म्हटलं, "चेहरा काळा पडलाय, अरू."

"काळा नाही गो. मोकळा आहे."

"लोक देवीचा चेहरा बघायला येतात."

"तर मग येताना घेऊन येतील. मी जागा ठेवलीय."

"हे तू नानांना सांगणार आहेस?"

"तू कापतंस, तू सांग."

हे भांडण आपण त्या दिवशी सुरू केलं, आणि मी काय चूक म्हणतेय ते मला दाखवायला तू पहिला टेक लावलास. "ह्यापेक्षा बरा ना? हे बघ काकींचं बोट." नेमके त्याच वेळी नाना आणि काकी दारात आले. पडद्यावर दार उघडलं, कुंकू पेटलं. नानांनी चपला काढल्या. काकी दोन पावलं पुढे आल्या आणि म्हणाल्या, "आली!"

तू प्रामाणिक माणूस. लगेच म्हणालास, "काकी, ते तुमचं कुंकू आहे. काचेवर लागलं होतं ना, ते."

काकींचे डोळे भरून आले. "माझंच कुंकू," त्या नानांना म्हणाल्या, "माझ्या हातचं मानलं हो तिने."

तू माझ्याकडे बघितलंस. मी तुझ्याकडे. शेजारी बटणं पडत होती. नाना म्हणाले, "ताई, दुसरं काही दाखवू नका. हेच."

पुढचं सगळ्यांना माहीत आहे, म्हणजे चुकीचं माहीत आहे. नानांचा सिनेमा गावोगावच्या देवळांत गेला, त्यातला तेवढाच तुकडा लोकांच्या फोनवर फिरला. देवीने प्लायवूडच्या गाभाऱ्यात येऊन दर्शन दिलं, आणि ते टिपणारा कॅमेरामन तू. पुढचा प्रत्येक निर्माता यायचा आणि म्हणायचा, "आम्हाला तसं तेज हवंय." तू म्हणायचास, "ते मी केलेलं नाही." त्यावर समोरचा माणूस हात जोडायचा. एका सत्कारात तुला शाल-श्रीफळ देऊन एक वक्ते म्हणाले, "बघा ही विनम्रता! म्हणतात, मी केलं नाही." मी पहिल्या रांगेत होते. तुझा चेहरा मी तेवढा हताश कधी पाहिला नव्हता, आणि मी तुला उपाशी शूटवर पाहिलेलं आहे.

घरी जाताना रिक्षात मी म्हटलं, "नीट सांग ना एकदा. काचेवर बोट लागलं होतं, म्हणून सांग."

"सांगितलं की. पहिल्याच दिवशी. अजून किती नीट सांगू?"

"मोठ्याने सांग."

"मोठ्याने सांगितलं की आरती समजतात गो ते."

मग कुणी कुणी सुचवलं की काचेला मुद्दाम कुंकू लावून बघा. तू नाही म्हणालास. "चूक परत करता येत नाही. परत केली तर ती ट्रिक." तुझं काम त्यामुळे कमी झालं, कारण तोवर तेज कंप्यूटरवर मिळायला लागलं होतं, आणि तिथला ऑपरेटर सोर्स विचारत नाही. तू परत लहान कामांकडे वळलास. विक्रोळीच्या तुमच्या जुन्या चाळीतल्या सत्यनारायणाचंसुद्धा तू एकदा असं शूट केलंस, की ते बघून माझ्यासारखीला प्रसाद घ्यावासा वाटला. मी तसं बोलले नाही. आता लिहितेय, म्हणजे उशीरच झाला.

आणि दर भेटीत, निघताना, चप्पल घालता घालता तुझा एक प्रश्न. एरवी माझ्याशी मुंबईचं मराठी बोलायचास, त्यात चवीपुरतं मालवणी. हा प्रश्न मात्र अख्खा मालवणीत, बहुधा सहज विचारल्यासारखं वाटावं म्हणून.

"दुसरो टेक आसा मां?"

"आहे रे बाबा. कुठे जातोय?"

"नाय, सहज."

हे सहज नव्हतं, हे न कळायला मी काही नाना नाही. डिस्का बदलल्या, कंप्यूटर बदलले, गाळ्यातलं पंख्याचं घुरघुरणंही बदललं, पण तो टेक मी प्रत्येक वेळी नव्या डिस्कवर उतरवून घेतला. एवढ्या वर्षांत तो आपण दोघं सोडून कुणी पाहिला नाही. तुझ्या हाताने झालेलं सर्वांत चांगलं काम कुणी पाहिलेलं नाही, आणि तुझ्या हाताने न झालेलं सगळ्यांनी पाहिलंय. तू याबद्दल कधी तक्रार केली नाहीस. फक्त चप्पल घालायला जरा जास्त वेळ लावायचास.

तू गेल्यावर चौथ्या-पाचव्या दिवशी मंगलवहिनी गाळ्यात आल्या. शोकसभेत दाखवायला तुझ्या कामाची छोटी फिल्म हवी होती. हॉल नानांनी घेतला होता, खर्च नानांचा, आणि नानांचा निरोप होता की शेवट तेजाच्या शॉटने करायचा, लोक त्यासाठीच येणार.

"वहिनी, त्याला तो शॉट आवडायचा नाही," मी म्हटलं.

"मला माहीत नाही का? टीव्हीवर लागला की ते बाथरूममध्ये जाऊन बसायचे." मग म्हणाल्या, "पण नानांनी आमच्यासाठी खूप केलंय हो. हॉस्पिटलात रोज येत होते. त्यांना सगळ्यांसमोर वाईट वाटेल असं नको."

"आणि त्याला वाईट वाटेल त्याचं काय?"

"ते कुठे बघायला येणारेत?" असं म्हणाल्या आणि पदराने माझ्या टेबलावरची धूळ पुसायला लागल्या. धूळ नव्हती.

त्या गेल्यावर मी बराच वेळ दोन्ही टेक शेजारी शेजारी लावून बसले. माझं मत तुला ठाऊक आहे: शोकसभा ही मेलेल्या माणसाबद्दल त्याच्या पश्चात खोटं बोलायची शेवटची सार्वजनिक संधी असते आणि सहसा कुणी ती सोडत नाही. पहिला टेक लावला असता तर त्या खोटेपणावर कायमचा शिक्का बसला असता. दुसरा लावला तर भर सभेत नाना उठून म्हणणार, "ताई, हा तो नाही," आणि मंगलवहिनी मान खाली घालून बसणार. तुला विचारावं तर तू काय म्हणाला असतास तेही ठरवता येईना. "नानांचं मन राख," म्हणाला असतास. मग चप्पल घालत तोच प्रश्न विचारला असतास.

मी दुसरा लावला.

हॉल भरला होता. नाना माइकवर बोलले, मनापासून बोलले, एवढं मला मान्य करायला हवं. त्यांनी तुला "तेजाचा उपासक" म्हटलं, हेही मान्य करायला हवं. मग दिवे गेले. चर्चमधल्या मेणबत्त्या, दर्ग्याचा धूप, कौलातून आलेला स्वर्ग, चाळीतला सत्यनारायण. लोक शांत बघत होते. नाना अंधारात माइकवर म्हणाले, "आता बघा." मी मागे, स्विचबोर्डपाशी उभी होते. मी देवाला न मानणारी असल्याने कुणाकडे बघावं तेही कळत नव्हतं.

दार उघडलं. उंबरा. तांदूळ. पावलं. साडीचा काठ. हनुवटी. थांबला.

मी वाट बघत होते, कुणीतरी म्हणेल: हा तो नाही.

पुढच्या रांगेत हात वर गेले. जोडलेले. मग त्यामागच्या रांगेत. नाना माइक बंद करायला विसरले होते, त्यामुळे त्यांचं कुजबुजणं सगळ्या हॉलने ऐकलं: "आली." आणि काकी, ज्यांना आता कमी ऐकू येतं म्हणून त्या सगळंच मोठ्याने बोलतात, म्हणाल्या:

"आज जास्तच आहे हो तेज!"

कुणाला काही कळलं नाही, अरू. त्यांनी इतकी वर्षं फोनवर, टीव्हीवर पाहिलेला शॉट तो हा नव्हे, हे नानांना कळलं नाही, मानकऱ्यांना नाही, तुला शाल देणाऱ्या त्या वक्त्यांना नाही. त्यात एक कणही कुंकू नव्हतं. होता तो सगळा तुझा उजेड, तुझा पुठ्ठा, तुझी चादर, आणि त्यांनी त्याला देवीचा म्हणून हात जोडले. तुझं नाव त्यांनी पुन्हा चुकीच्या कारणासाठी घेतलं; फक्त या वेळी काम तुझं होतं.

सभा संपल्यावर लोक फ्लेक्सपाशी फोटो काढत होते तेव्हा मंगलवहिनी माझ्याजवळ आल्या.

"दुसरा होता ना?"

मी मान हलवली.

"वाटलंच. माझी चादर होती ना त्यात?"

"चादर दिसत नाही, वहिनी. बाजूला आहे ती."

"दिसत नाही हो," त्या म्हणाल्या. "पण माझीच होती." जाताना त्यांनी पर्समधून रुमालात गुंडाळलेलं ते झाकण काढून माझ्या हातात दिलं. ते आता माझ्या मॉनिटरशेजारी आहे. बोंबलाचा डबा उघडताना मी त्यावर फडकं टाकते. उगाच तू काहीतरी समजू नकोस.

टेक आसा. विचारायच्या आधीच सांगते.

राहिलं आपलं भांडण. तो शॉट मी इतक्या वेळा पाहिलाय, की हनुवटीच्या वर काहीही नाही हे मी कुठल्याही कोर्टात सांगेन. तिथे उजेड नाही, कारण तिथे सोर्स नाही. हे तूच मला शिकवलंस. तरी काकी ओरडल्या तेव्हा मी स्विचबोर्ड सोडून दोन पावलं पुढे गेले आणि मान उंच करून बघितलं. काय दिसलं ते लिहीत नाही.

"काळा" हा शब्द मी मागे घेते. "मोकळा" म्हणायला अजून तयार नाही. त्यासाठी तुला समोर बसून भांडावं लागलं असतं.